शेजारच्या खुर्चीतला वोफा

ड्युसेलडॉर्फ
रविवार, २० नोव्हेंबर २००५

ती. ताई,

तुला आणि दाजींना नमस्कार. पाकिटावरचं अक्षर ओळखून तू हे पत्र बाजूला ठेवशील, आणि मग दाजी ते उघडून तुला ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं वाचतील, असा अंदाज धरून लिहितोय. म्हणून दाजींना वेगळं पत्र नाही.

फोनचा उपयोग होत नाही हे कळलं. दाजी बिचारे दर वेळी "ती देवापाशी बसलीय" म्हणतात. इतका वेळ तू देवापाशी कधीपासून बसायला लागलीस? असो. सुरुची सासरी रुळली असेल. मामा म्हणून तिच्याबद्दल विचारायचा हक्क मला राहिलेला नाही, तरी विचारतो.

मी मजेत आहे. इथे आता दुपारीच अंधारून येतं. ऑफिसला जाताना अंधार, येताना अंधार, मधे ट्यूबलाइट. दिवाळीचा डबा या वर्षी आला नाही. एका परीनं बरंच झालं, हल्ली मी मीठ आणि तळकट जवळजवळ बंद केलंय. वय झालं, दुसरं काय.

एक नवीन गोष्ट मात्र सुरू केलीय. सोमवार, बुधवार, शुक्रवार ऑफिस सुटलं की मी एका डायलिसिसच्या दवाखान्यात जातो. मूत्रपिंडं निकामी झालेल्यांचं रक्त तिथे यंत्रातून फिरवून साफ करतात. त्यासाठी चार-पाच तास खुर्चीला खिळून राहावं लागतं. अशा माणसांना सोबत करायची, गप्पा मारायच्या. इथे पुष्कळ लोक असलं काहीतरी आपणहून करतात. आई असती तर म्हणाली असती, एकदाचं सुचलं माझ्या लेकाला.

तिथे मला एक माणूस भेटलाय. तुला नाटकाचं वेड, म्हणून त्याच्याबद्दल सांगतो.

नाव योसिया क्वेकू आम्पोमा. घाना देशाचा. वय साठीच्या पुढेमागे, नक्की त्यालाही माहीत नाही. बुधवारी जन्मला एवढं नक्की, कारण क्वेकू म्हणजे बुधवारचा. उंच, खांदे पडलेले, आणि आवाज असा की यंत्राचा अलार्म वाजत असला तरी त्याचं बोलणं वरून ऐकू येतं. पहिल्या दिवशी शेजारच्या खुर्चीतून त्यानं मला इंग्रजीत विचारलं, "तुम्ही काय करता?"

"इंजिनिअर आहे. पंप डिझाइन करतो."

"मी सिनेमातला नट आहे. माझ्या देशात मला सगळे ओळखतात, आणि सगळे माझा द्वेष करतात."

मला वाटलं, आजारानं डोकं फिरलंय. त्याच्या पाठीमागून श्वेस्टर गाब्रिएलेनंही मला डोळा मारला. इथे नर्सला श्वेस्टर म्हणतात, म्हणजे बहीण. एका संध्याकाळी कितीदा तरी ही हाक मारावी लागते.

आता बरेच महिने त्याचं ऐकतोय. तुकड्या-तुकड्यानं जे कळलं ते असं.

स्वेड्रू नावाच्या गावात बाप शिंपी. आपल्याकडे तमाशाचा फड असतो तशा त्यांच्याकडे फिरत्या नाटकमंडळ्या असायच्या, त्यांना ते कॉन्सर्ट पार्टी म्हणतात. दुपारी लॉरी गावातून फिरायची, टपावर बसून एक जण कर्ण्यातून ओरडायचा, संध्याकाळी चौकात गॅसबत्त्या पेटायच्या. अशाच एका लॉरीत हा पोरवयात चढला तो घरी परतलाच नाही. बायका तेव्हा नाटकात उभ्या राहत नसत. याचा आवाज फुटलेला नव्हता, म्हणून याला कापड नेसवून विधवा केलं. मी म्हणालो, आमच्या संगीत नाटकातही पुरुषच नायिका व्हायचे. त्याला इतका आनंद झाला की नळ्या लावलेला हात विसरून तो मला टाळी द्यायला गेला, आणि यंत्र किंचाळायला लागलं.

तो स्टेजवर रडायला लागला की गावच्या बायका खरोखर वर चढायच्या आणि त्याच्या ओच्यात तळलेली मासळी, उकडलेले कंद टाकायच्या. "त्या विधवेनं मला पोसलं," तो म्हणतो.

मग मिशा फुटल्या आणि विधवा गेली. पुढे देशात लष्कर आलं, संचारबंदी लागली, आणि रात्रीच्या खेळांवर जगणाऱ्या मंडळ्या एकेक करून बसल्या. आम्पोमानं काही वर्षं टॅक्सी चालवली. त्यानंतर व्हिडिओ कॅमेरे आले, आणि कुणीही उठून आठवड्याभरात सिनेमा काढायला लागलं. असल्याच एका दिग्दर्शकानं टॅक्सीत बसल्या-बसल्या याचा आवाज ऐकला आणि त्याला भूमिका दिली वोफाची.

वोफा म्हणजे मामा. त्यांच्यात घराणं आईकडून चालतं, त्यामुळे मामाचा शब्द शेवटचा. सिनेमात भाचा मरतो, आणि रडणं संपायच्या आत हा वोफा दारात उभा राहून भाच्याच्या बायकोला सांगतो, घर आमच्या घराण्याचं आहे. "किल्ली ठेव. तुझी सावली तेवढी घेऊन जा." हे वाक्य लिहिलेलं नव्हतं, त्याच्या तोंडून निघून गेलं. नंतर म्हणे शाळेतली पोरं एकमेकांची पेन्सिल हिसकावताना हेच म्हणायची. पुढची पंधरा वर्षं त्याला दुसरं काम मिळालं नाही. नावं वेगळी, घरं वेगळी, वोफा तोच.

मी त्याला सांगितलं, आमच्याकडेही मामाचा मान मोठा असतो. लग्नात तर... पण ते तुला काय सांगायचं.

बाजारात एका कोळणीनं त्याला ओल्या फडक्यानं झोडपलं होतं. टॅक्सीवाले त्याला बसवून घेत नसत. त्याची बायको कापड विकायची, तिला गिऱ्हाइकं सांगायची, बाई गं, तू त्या माणसाला सोडून दे. ती घरी येऊन ते सगळं नक्कल करून दाखवायची आणि दोघं हसायची. ती अचानक वारली. हा तिच्या शवपेटीपाशी रडायला लागला, तेव्हा मागच्या गर्दीतून कुणीतरी हसून ओरडलं, "वोफा, काय झकास रडतोस!"

"त्यानंतर मी रडलो नाही," त्यानं मला सांगितलं. थोड्या वेळानं म्हणाला, "मोबदला घेतल्याशिवाय." आणि हसला.

दोन वर्षांपूर्वी एका सिनेमाचं शूटिंग करायला तो इथे आला. परदेशातला बर्फ दाखवला की तिकडे सिनेमा चालतो. ड्युसेलडॉर्फच्या स्टेशनासमोर शॉट चालू असताना हा कोसळला. बाकीच्यांना वाटलं, म्हाताऱ्यानं मनानं काहीतरी घातलं. कॅमेरा चालूच राहिला. तो शॉट सिनेमात तसाच आहे म्हणे, आणि लोकांना फार आवडला. मूत्रपिंडं गेली होती. युनिट व्हिसा संपल्यावर परत गेलं, हा इथेच राहिला. कारण त्याच्या देशात ही यंत्रं थोडी आणि रांग मोठी. त्याच्याकडे जो कागद आहे त्याला डुल्डुंग म्हणतात. म्हणजे राहायची परवानगी नव्हे, नुसतं सहन करून घेणं. एकदा हा देश सोडला की परत येता येत नाही.

त्याची मुलगी एफ्वा तिकडे आहे. तिला त्यानं सांगितलंय की बाबांना जर्मनीत सिनेमे मिळताहेत.

खरं किती, खोटं किती, कोण जाणे. इथे त्याला ओळखणारं कुणी नाही. पण हे सगळं ऐकताना वेळ जातो. सर्वांत अवघड हा रविवार असतो. शुक्रवारनंतर थेट सोमवार, तोवर पाणी बेताबेतानं प्यायचं. तहान फार झाली की बर्फाचा एक खडा जिभेवर ठेवायचा आणि तो लवकर विरघळू नये म्हणून तोंड हलवायचं नाही. त्या लोकांना, म्हणतोय मी.

उत्तर नाही आलं तरी चालेल. पत्र फाडू नकोस.

हरीश


ड्युसेलडॉर्फ
रविवार, २५ जून २००६

ती. ताई,

दाजींचं कार्ड मिळालं होतं. "पत्र वाचून दाखवलं. दुसऱ्या दिवशी पोळ्या लाटताना तिनं विचारलं, त्या नटाचं पुढे काय झालं." एवढंच. ते कार्ड मी फ्रिजवर लावलंय. आज पुढचं सांगायला मिळालं म्हणून लिहितोय.

तुमच्याकडेही टीव्हीवर फुटबॉलचा वर्ल्ड कप चालू असेल. घानाचा संघ पहिल्यांदाच आलाय, आणि त्यांची एक मॅच कोलोनला होती, इथून ट्रेननं अर्ध्या तासावर. आठ दिवसांपूर्वीच्या शनिवारची गोष्ट. आम्पोमा आधीच्या दिवशी म्हणाला, "इंजिनिअर, मला मॅच बघायची नाही. मला फक्त त्या गर्दीतून चालायचंय. माझ्या भाषेत कुणीतरी कुणालातरी शिव्या देताना ऐकायचंय."

तिकिटं नव्हतीच. दुपारी ट्रेननं गेलो. कोलोनच्या स्टेशनातून बाहेर पडलं की एकदम ते प्रचंड काळं चर्च अंगावर येतं. त्याच्या पायऱ्यांवर लाल, पिवळं, हिरवं माणसांचं शेतच उगवलं होतं. ढोल, शिट्ट्या, उकाडा. तो माझा दंड धरून चालत होता. आम्हाला दोघांनाही फार चालवत नाही, म्हणजे त्याला चालवत नाही आणि मी त्याच्याबरोबर हळू चालतो.

एक धिप्पाड बाई झेंड्याचंच झबलं घालून समोरून येत होती. आम्हाला ओलांडून गेली, थांबली, मागे फिरली. त्याच्या तोंडाकडे बघत राहिली. मग असं किंचाळली की मला वाटलं, कुणाचा तरी खिसा कापला.

"वोफा!"

आणि हातातल्या पर्सनं तिनं त्याला बडवायला सुरुवात केली. ताई, मी मधे पडलो तर मलाही दोन बसल्या. तोंडानं काय काय बोलत होती, आणि बोलता बोलता तिच्या डोळ्यांतून पाणी. मग तिनं पर्स टाकली आणि त्याला मिठी मारली. तोवर चहूबाजूंनी माणसं धावत आली होती. लंडनहून आलेले, ॲमस्टरडॅमहून, अक्राहून. वोफा, वोफा! कुणी त्याचा हात धरतंय, कुणी मोबाइलवर आईला फोन लावून त्याच्या कानाला देतंय. एक तरुण मुलगी मला इंग्रजीत म्हणाली, "लहानपणी मी जेवले नाही की आजी म्हणायची, वोफाला बोलावू का?"

मग ते ओरडायला लागले. मला भाषा कळत नाही, पण काय मागताहेत ते कळलं. ते वाक्य.

त्यानं माझा दंड सोडला. ताई, त्या माणसाला मी एवढे महिने खुर्चीत आडवा पाहिलाय. त्याचे पडलेले खांदे कुठे गेले मला कळलं नाही. तो पायरीवर एक पाऊल वर चढला, समोरच्या त्या धिप्पाड बाईकडे बघितलं, आणि हात पुढे केला. रिकामा तळवा, वर केलेला. घाई नाही. गर्दी आपोआप शांत झाली. मग तो अगदी हळू आवाजात बोलला, आणि ते हळू बोलणं पार मागच्यांपर्यंत पोचलं. ती बाई, जिनं त्याला आत्ता मारलं होतं, ती खरोखर मागे सरकली. तिचा हात कमरेच्या किल्ल्यांकडे गेला.

मग जो आरडाओरडा झाला तो घानानं नंतर मॅच जिंकली तेव्हाही झाला नसेल.

म्हणजे सगळं खरं होतं. अक्षर न् अक्षर खरं होतं, आणि आम्ही सगळे त्याला वेडा समजत होतो.

परतीच्या ट्रेनमध्ये बसलो. उजेड होता अजून, खिडकीतून शेतं दिसत होती. ड्युसेलडॉर्फला उतरलो. त्याच्या गळ्यात कुणीतरी घातलेला झेंडा होता. एका पोलिसानं त्याला थांबवून कागद मागितला. त्यानं डुल्डुंग काढून दिलं. पोलिसानं बघितलं, परत दिलं. मग आम्ही ट्राम पकडली.

गर्दीत एका निर्मात्यानं त्याला कार्ड दिलं होतं. त्याला वोफाचा शेवटचा सिनेमा काढायचाय, तिकडे घानात, कुमासीला, सप्टेंबरात. शूटिंग चालू असेपर्यंत डायलिसिसची सोय करतो म्हणाला. त्यानंतरचं काही बोलला नाही.

सोमवारी आमची जुंपली. मी म्हणालो, "तिथे यंत्र नाही."

तो म्हणाला, "इथे यंत्र आहे. आणखी काय आहे?" आणि खरंच मान वळवून खोलीभर बघितलं, जणू काही सापडलं तर राहील.

"मी आहे," मी म्हणालो.

त्यानं माझ्या हातावर थोपटलं. "म्हणून तर एवढे दिवस राहिलो."

"निदान चांगल्या माणसाचं काम तरी मागून घ्या. आयुष्यभर दुष्टपणा केलात."

त्यावर तो रागावला. "चांगला माणूस कुणीही करतं, इंजिनिअर. दुष्ट माणूस करायला भरवशाचा नट लागतो. नाहीतर लोकांना वाटतं, दुष्ट माणसं वेगळी दिसतात."

डॉक्टर त्याला समजावून थकल्या. तो जाणार. परवा ब्राझीलशी मॅच आहे, दवाखान्यात टीव्ही लावणार आहेत. मी त्याच्या शेजारीच असेन. त्यानं त्याची वेळ आणि मी माझी शिफ्ट, म्हणजे सोबतीला बसायची पाळी, बदलून घेतलीय.

आंबे संपले असतील ना तिकडचे? सुरुची माहेरी आली असेल तर तिला सांग... नको, काही सांगू नकोस.

हरीश


ड्युसेलडॉर्फ
रविवार, ४ फेब्रुवारी २००७

ताई,

दाजी, हे पत्र मोठ्यानं वाचू नका. तिच्या हातात द्या.

आम्पोमा सप्टेंबरात गेला. विमानतळावर मी त्याला सोडायला गेलो होतो. त्यानं नवीन सूट घेतला होता आणि तो त्याला फार सैल होता. आत जायच्या आधी त्यानं मला विचारलं, "इंजिनिअर, तुझं माणूस कोण आहे? सगळ्यांचं कोणीतरी असतं. एवढ्या दिवसांत तू नाव घेतलं नाहीस."

मी म्हणालो, "कोणी नाही."

तो माझ्याकडे बघत राहिला. म्हणाला, "फार वाईट नट आहेस." आणि गेला.

त्याच्या खुर्चीत आता एक जर्मन आजी असतात. येतात, कानात कापूस घालतात आणि झोपतात. मी त्यांना गुटन आबेंड म्हणतो. त्याही म्हणतात. तेवढंच.

जानेवारीत एफ्वाचा, त्याच्या मुलीचा, फोन आला. बाबा गेले. सिनेमा पुरा करून गेले. शूटिंगभर निर्मात्यानं शब्द पाळला, मग यंत्राची पाळी हळूहळू लांबत गेली. अंत्ययात्रेला रस्ता बंद करावा लागला. बाजारातल्या बायका आल्या होत्या. त्यांतली एक म्हातारी पेटीपाशी उभी राहून मोठमोठ्यानं भांडत होती, आता ऊठ की, आता कुणाचं घर घेतोस बघते! आणि तिला आवरता आवरता बाकीच्या रडत होत्या. कुणी हसलं नाही.

हे सगळं तिनं शांतपणे सांगितलं. मग म्हणाली, "तुम्हाला सगळं माहीत होतं ना?"

मी हो म्हणालो.

तिला काहीच माहीत नव्हतं. तिच्या मुलाच्या बारशाला बाप आला नाही. तिनं निरोप पाठवला, युरोपात मोठे झालात, आता आमच्याकडे बघू नका. त्यावर त्यानं उत्तर दिलं नाही. राग येऊ दिला. तो विमानातून उतरला तेव्हा ती निव्वळ जगाच्या लाजेनं घ्यायला गेली होती. त्यानं कोट काढला आणि तिला त्याचा दंड दिसला, सुया टोचून टोचून फुगलेला. तिथे, सामानाच्या पट्ट्याजवळ, तिला कळलं.

ती म्हणाली, "दोन दिवस मी त्यांच्याशी बोलले नाही. माझ्याजवळ थोडेच दिवस होते आणि त्यातले दोन मी घालवले, इतकी चिडले होते. मी काय दगड होते, मला सांगायला? इतकी वर्षं मी त्यांना शिव्या दिल्या. तो राग माझा नव्हताच. त्यांनी माझ्या हातात दिला होता."

नंतर तिनं सिनेमाची चकती पाठवली. मला त्यातला एक शब्द कळत नाही. तो बराचसा बसूनच आहे, उभं राहवत नसणार. पण बोलायला लागला की समोरच्या नटीचा चेहरा खरोखर बदलतो. मी पुन्हा पुन्हा बघितला. एकट्यानंच. मुंबई-पुण्याचे कितीतरी लोक या गावात आहेत, पण त्यांच्यात मी हल्ली जात नाही. गेलो तर जेवायला बसावं लागेल, आणि मी का जेवत नाही ते सांगावं लागेल.

ताई, आता सांगतो. मी तिथे सोबत करायला जात नाही. ती खुर्ची माझी आहे.

सुरुचीच्या लग्नाचं तिकीट मी काढलं होतं. तिच्यासाठी पैठणी इथे आलेल्या एका मुलीकडून मागवून ठेवली होती, अजून कपाटात आहे. निघायच्या काही दिवस आधी पाय सुजले, जिना चढताना धाप लागायला लागली. डॉक्टर म्हणाल्या, ब्लड प्रेशर कित्येक वर्षं असणार, तुम्ही कधी बघितलंच नाही, दोन्ही मूत्रपिंडं गेली. लग्नाच्या सकाळी तुला फोन केला तेव्हा माझ्या मानेत नळी होती, आणि फोन श्वेस्टर गाब्रिएलेनं माझ्या कानाला धरला होता. मागे सनई ऐकू येत होती. मी म्हणालो, ऑफिसचं काम निघालं. तू म्हणालीस, मामा म्हणून उभं राहायला तुला सवड नाही, तर आम्हाला तू मेलास. बरोबरच होतं तुझं. तुला जे सांगितलं त्यावर दुसरं काय म्हणणार?

त्या दिवशी मांडवात मंगलाष्टकांच्या वेळी तुझ्या डोळ्यांपुढे मानेत नळी घातलेला भाऊ नको, असं मला वाटलं. तेवढ्यापुरतं ते ठीक होतं. पण मग दुसऱ्या दिवशीही नाही सांगितलं, महिन्यानंतरही नाही. तू ऐकलंस की काय करशील ते मला माहीत होतं. आई गेल्यावर तू कॉलेज सोडून माझ्यासाठी भाकऱ्या थापल्यास. स्वतःचं मूत्रपिंड द्यायला तू मिरजेला जाऊन तपासण्या करून घेतल्या असत्यास, दाजींना न विचारता. ते मला नको होतं. तू रागावलेली बरी, असं मी ठरवून टाकलं. तुला विचारलंसुद्धा नाही.

आता माझ्या डाव्या हातात शीर जोडून मोठी केलीय. तिच्यावर बोट ठेवलं की आत मांजर गुरगुरल्यासारखं लागतं. सवय झाली. ऑफिस चालू आहे, साहेबांनी वेळा सांभाळून घेतल्या. माणसं यंत्रावर पुष्कळ वर्षं काढतात, नोकऱ्या करतात, फिरायला जातात. दुसऱ्या मूत्रपिंडासाठी यादीत नाव आहे, पण इथे नंबर लागायला फार वर्षं जातात. म्हणून घाबरू नकोस, आणि मिरजेला तर जाऊच नकोस. तुझी साखर आहे, तुझं कुणी घेणारही नाही. मी चौकशी केलीय. हे खरंच सांगतोय, आता खोटं बोलणार नाही.

एक गोष्ट अजून राहिली, ती सर्वांत वाईट. यादीत नाव घालताना डॉक्टरांनी विचारलं होतं, गेश्विस्टर? म्हणजे भावंडं कुणी? मी म्हणालो, नाइन, म्हणजे नाही. पुढच्या वर्षी त्यांनी पुन्हा विचारलं. पुन्हा नाइन. तू मला मेलास म्हणालीस ते रागानं. मी मात्र शांतपणे, गादीला टेकून, तुला या जगातूनच नाही करून टाकलं.

परवा शुक्रवारी डॉक्टर फेरीला आल्या. यंत्र लावलेलं होतं, आजी झोपल्या होत्या. मी आपणहून म्हणालो, "मला एक मोठी बहीण आहे."

त्यांनी लगेच पेन काढलं. "वय? रक्तगट?"

"त्यासाठी नाही," मी म्हणालो. "तिला डायबेटिस आहे. नुसतं तुम्हाला सांगायचं होतं."

"नाव काय तिचं?"

"सुलेखा."

त्यांना ते नीट म्हणता येईना. मी पुन्हा सांगितलं, सावकाश. त्यांनी दोन-तीनदा म्हणून बघितलं, जमलं तेव्हा मान हलवली आणि पुढच्या पेशंटकडे गेल्या.

फोनवर तुला रडू आलं तरी चालेल, मला आलं तरी चालेल. शिव्या द्यायच्या असतील तर त्याही दे. मंगळवारी, गुरुवारी मी घरी असतो.

तुझा धाकटा भाऊ,
हरीश